'पूर्वीप्रमाणे' : शस्त्र परवान्याच्या नूतनीकरणातील 'कारणा'ची चिकित्सा

बीजशब्द : शस्त्र परवाना, अनुज्ञप्ती, नूतनीकरण, अर्ज, प्रशासकीय मराठी, शिवाजी पार्क

प्रस्तावना

बखरी, शकावल्या, महजर आणि ऐतिहासिक पत्रव्यवहार यांना मराठी समीक्षेने वाङ्मयाच्या कक्षेत स्थान दिले, त्याला आता शतक उलटून गेले आहे. इतिहासाचार्य राजवाडे यांनी गावोगावच्या दप्तरांतून जमवलेली पत्रे आपण गद्याचे नमुने म्हणून वर्गात शिकवतो. तथापि आपल्याच काळात, आपल्याच शेजारी रोज लिहिल्या जाणाऱ्या अर्जाकडे मात्र संहिता म्हणून पाहण्याची सवय आपल्याला लागलेली नाही. अर्ज हा लेखनप्रकार रूक्ष खरा, परंतु जे. एल. ऑस्टिन यांनी मांडलेल्या कल्पनेच्या आधारे बोलायचे तर, तो काही सांगण्यापेक्षा काही घडवून आणणारा लेखनप्रकार आहे. त्यातील एका शब्दाने माणसाच्या हाती शस्त्र राहते किंवा जाते.

प्रस्तुत लेखात शस्त्र परवान्याच्या नूतनीकरणासाठी लिहिल्या गेलेल्या काही पत्रांचे वाचन करण्याचा प्रयत्न केला आहे. ही पत्रे शिवाजी पार्क परिसरात राहणाऱ्या एका ब्याऐंशी वर्षांच्या गृहस्थांची आहेत. त्यांच्या संमतीने, नाव व पत्ता वगळून, त्यांचा येथे उपयोग केला आहे. प्रस्तुत लेखकाचा या पत्रांशी संबंध आला तो एका साध्या विनंतीमुळे. "तुम्ही मराठीचे प्राध्यापक. एवढे पत्र नीट मराठीत लिहून द्या," असे म्हणून काकांनी पार्काच्या कट्ट्यावर फीत बांधलेली एक फाईल माझ्या हाती दिली. तेव्हा २०२५ साल चालू होते आणि हे तेरावे नूतनीकरण होते.

फाईलमधील तेरा पत्रे

काकांना पहिला परवाना १९८४ मध्ये मिळाला. त्या वेळी ते परळच्या एका कापड गिरणीत रोख रकमेच्या विभागाचे अधिकारी होते. १८ जानेवारी १९८२ रोजी डॉ. दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली सुरू झालेला गिरणी कामगारांचा संप औपचारिकरीत्या कधी मागे घेतला गेलाच नाही. मात्र पुढील काळात काही गिरण्या अंशतः सुरू झाल्या होत्या. पगार रोखीने होत असे. बँकेतून रक्कम काढून गिरणीच्या फाटकापर्यंत आणणे हे काकांचे काम होते.

१९८४ चे पत्र टंकलिखित आहे आणि ते पूर्ण पानभर आहे. त्यात रकमेचा अंदाज आहे, बँकेपासून गिरणीपर्यंतचा रस्ता आहे, पगाराचा वार आहे, सोबत असणाऱ्या दोन शिपायांचा उल्लेख आहे, फाटकावर झालेल्या दगडफेकीची तारीख आहे. सरकारी अर्ज म्हणून लिहिलेल्या या पानात परळचा एक अख्खा रस्ता जिवंत झाला आहे, असे म्हटल्यास अतिशयोक्ती होणार नाही. (संपाचे आपले साहित्य प्रामुख्याने कामगाराच्या घरातून लिहिले गेले, आणि ते योग्यच झाले, जयंत पवार यांचे 'अधांतर' हे त्याचे ठळक उदाहरण. फाटकाच्या आतल्या पगारदार माणसाच्या भीतीला मात्र साहित्यात जागा मिळाली नाही. ती अशा फाईलींत राहिली.)

तेव्हाच्या तरतुदीनुसार परवान्याची मुदत तीन वर्षांची होती. १९८७ चे पत्र अर्ध्या पानाचे आहे. १९९० च्या पत्रात चार वाक्ये आहेत. १९९३ च्या पत्रात 'आत्मसंरक्षणार्थ' हा एकच शब्द कारण म्हणून येतो. १९९६ पासून तोही नाही. त्याच्या जागी 'कारण पूर्वीप्रमाणे' असे लिहिलेले आहे. पुढे २०२० पर्यंतच्या प्रत्येक पत्रात हेच दोन शब्द आहेत. मध्यंतरी गिरणी बंद पडली, काका निवृत्त झाले, गिरणीच्या जमिनीवर काचेच्या इमारती उभ्या राहिल्या. 'पूर्वीप्रमाणे' मात्र पूर्वीप्रमाणेच राहिले.

येथे एक सोपे अनुमान काढण्याचा मोह होतो. धोका कमी झाला म्हणून कारण आखूड झाले, असे ते अनुमान. फाईलमधील तारखा ते खोटे ठरवतात. ७ मे १९९४ रोजी गिरणीमालक सुनीत खटाव यांची महालक्ष्मी परिसरात गोळ्या घालून हत्या झाली. १६ जानेवारी १९९७ रोजी खुद्द दत्ता सामंत पवई येथे गोळीबारात मारले गेले. गिरण्यांच्या जमिनींभोवती टोळ्यांची दहशत होती, तो हाच काळ. म्हणजे काकांच्या आयुष्यात भीतीला सर्वाधिक आधार असताना त्यांच्या पत्रातील कारण दोन शब्दांवर आले होते. कारणाची लांबी धोक्यावर अवलंबून नव्हती. ती कशावर अवलंबून होती, याचे उत्तर काकांच्या स्वभावात शोधण्याआधी कायद्याच्या वाक्यरचनेत शोधले पाहिजे, असे मला वाटते.

एका वाक्याचे दोन तुकडे

शस्त्र अधिनियम, १९५९ च्या कलम १३ नुसार परवाना देताना प्राधिकाऱ्याने पोलिसांचा अहवाल मागवायचा असतो. पीकरक्षणासाठीच्या विशिष्ट बंदुकीसारखे काही अपवाद वगळता, परवाना मागण्यास सबळ कारण आहे अशी आपली खात्रीही त्याने करून घ्यायची असते. कलम १४ मध्ये परवाना नाकारण्याची कारणे दिली आहेत. कारण सांगण्याचा भार येथे अर्जदारावर आहे.

नूतनीकरणाचा विषय कलम १५ च्या तिसऱ्या पोटकलमात येतो. हे पोटकलम एकच दीर्घ वाक्य आहे आणि त्याचे दोन तुकडे परस्परांकडे पाठ करून उभे आहेत. पहिला तुकडा सांगतो की, प्राधिकाऱ्याने लेखी नोंदवलेल्या कारणांसाठी अन्यथा ठरवले नाही, तर प्रत्येक परवाना मूळ मुदतीइतक्याच काळासाठी वेळोवेळी नूतनीकरणयोग्य राहील. दुसरा तुकडा सांगतो की, कलम १३ व १४ मधील तरतुदी परवाना देताना जशा लागू होतात तशाच त्या नूतनीकरणालाही लागू होतील.

दुसऱ्या तुकड्याप्रमाणे प्रत्येक नूतनीकरण हे नव्याने दिलेल्या परवान्याइतकेच गंभीर आहे. सबळ कारण पुन्हा तपासायचे आहे. पहिल्या तुकड्याप्रमाणे मात्र नूतनीकरण ही नेहमीची गोष्ट असून नकार हा अपवाद आहे, आणि कारण लिहायचे आहे ते नाकारणाऱ्याने. म्हणजे पहिल्या अर्जाच्या वेळी नागरिकाच्या खांद्यावर असलेला 'कारणा'चा भार नूतनीकरणाच्या वेळी अधिकाऱ्याच्या खांद्यावर सरकतो. कामाच्या रगाड्यात असलेला कोणताही अधिकारी, ज्यात त्याला कमी लिहावे लागते तोच मार्ग स्वीकारणार, हे उघड आहे. मंजुरीला कारण लागत नाही. नकाराला लागते. काकांनी हे कलम कधी वाचलेले नव्हते. परंतु त्यांच्या पत्रांनी त्याचा पहिला तुकडा अचूक ओळखला होता.

पुढील दुरुस्त्यांनी हा भार मूळ जागी आणला का? शस्त्र नियम, २०१६ ने अर्जाचे नमुने बदलले, मुदत संपण्यापूर्वी किमान साठ दिवस अर्ज करण्याची अट घातली, वैद्यकीय प्रमाणपत्र मागितले, प्रत्येक परवान्याला राष्ट्रीय माहितीकोशातील स्वतंत्र क्रमांक दिला. २०१९ च्या दुरुस्तीने एका व्यक्तीकडील शस्त्रांची मर्यादा तीनवरून दोनवर आणली आणि परवान्याची मुदत तीन वर्षांवरून पाच वर्षे केली. या सर्व सुधारणा स्वागतार्ह आहेत. परंतु त्या माणूस, शस्त्र आणि कागद यांची ओळख पक्की करतात, कारणाची नव्हे. किंबहुना मुदत वाढल्याने ते विचारण्याची संधी तीन वर्षांऐवजी पाच वर्षांनी येऊ लागली.

'नूतनीकरण' या शब्दाविषयी

भाषेच्या अभ्यासकाला येथे थोडे थांबणे भाग आहे. 'परवाना' हा शब्द आपल्याकडे फारसीतून आला आणि रुळला. प्रशासकीय मराठीने त्याच्या जोडीला 'अनुज्ञप्ती' हा संस्कृतोद्भव शब्द आणला. काका बोलताना 'लायसन' म्हणतात. तीन भाषांचे हे तीन शब्द एकाच कागदाला चिकटलेले आहेत आणि प्रत्येकाचा स्वभाव निराळा आहे. 'अनुज्ञप्ती'त वरच्याने दिलेली आज्ञा ऐकू येते, 'लायसन'मध्ये आपल्याकडे असलेली वस्तू दिसते. पहिला परवाना मागताना माणूस अनुज्ञप्ती मागतो. बाराव्या खेपेस तो लायसन 'रिन्यू' करतो. मधल्या काळात अनुज्ञेचे मालमत्तेत रूपांतर झालेले असते.

'नूतनीकरण' हा शब्द तर अधिकच फसवा आहे. त्यात नूतन काय असते? तारीख, चलन, छायाचित्र. शब्दाचा अर्थ प्रामाणिकपणे घ्यायचा तर नूतन व्हायला हवे ते कारण. आपल्या महाविद्यालयांतील संलग्नतेच्या नूतनीकरणाचे प्रस्ताव ज्यांनी भरले आहेत, त्या सहकाऱ्यांना या शब्दाची सवय वेगळी समजावून सांगण्याची गरज नसावी.

हक्क की सवलत

हा प्रश्न केवळ प्रशासनाच्या ढिलाईचा आहे असे मानले तर त्याचा ऐतिहासिक पदर सुटतो. लॉर्ड लिटन यांच्या कारकिर्दीतील १८७८ च्या शस्त्र कायद्याने भारतीयांना शस्त्रासाठी परवाना सक्तीचा केला आणि युरोपियनांना त्यातून सवलत दिली. परवाना हा त्या काळी अपमानाचा कागद होता. म्हणूनच राष्ट्रीय सभेने या कायद्याविरुद्ध वारंवार ठराव केले आणि १९३१ च्या कराची ठरावात नियमांच्या अधीन राहून शस्त्र बाळगण्याच्या हक्काचा समावेश झाला. पुढे डिसेंबर १९४८ मध्ये हरी विष्णू कामत यांनी हा हक्क मूलभूत हक्कांत घालण्याची दुरुस्ती घटना समितीत मांडली. डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी तिला विरोध केला आणि ती फेटाळली गेली. स्वतंत्र भारताने जाणीवपूर्वक ठरवले की शस्त्र हा हक्क नाही. कारण असल्यास मिळणारी परवानगी आहे. आपली सगळी व्यवस्था 'कारण' या एका शब्दावर उभी आहे ती यामुळे.

अमेरिकेशी तुलना येथे उद्बोधक ठरते. न्यूयॉर्क राज्यात १९११ च्या सुलिव्हन कायद्यापासून परवाना पद्धत होती आणि झाकलेले पिस्तूल घराबाहेर बाळगू इच्छिणाऱ्याला विशेष कारण दाखवावे लागत असे. २३ जून २०२२ रोजी तेथील सर्वोच्च न्यायालयाने 'ब्रुएन' खटल्यात ही अट घटनाबाह्य ठरवली. जो हक्कच आहे त्यासाठी कारण का द्यावे, असा त्या निकालाचा रोख आहे. म्हणजे तेथे 'कारण' उघडपणे, वादविवाद करून, सहा विरुद्ध तीन मतांनी काढून टाकले गेले. आपल्याकडे ते कायद्याच्या पुस्तकात सन्मानाने ठेवले आहे. ते गळते पहिल्या आणि पुढच्या नूतनीकरणांच्या मधल्या जागेत, कोणी निर्णय न घेता. अमेरिकेचा निकाल प्रस्तुत लेखकाला मान्य नाही, परंतु त्यात निदान कोणी काय ठरवले हे वाचता येते.

शिवाजी पार्कात परवाना कुठवर चालतो?

परवान्याच्या अटी वाचताना एक गमतीशीर गोष्ट लक्षात आली. काकांचा परवाना ज्या 'नमुना तीन'मध्ये आहे त्यातील अटींनुसार, विशेष अधिकार दिलेला नसेल तर, शस्त्र घेऊन जत्रेत, धार्मिक मिरवणुकीत वा इतर सार्वजनिक जमावात जाता येत नाही. शैक्षणिक संस्थेच्या आवारातही नेता येत नाही. (ही शेवटची अट प्रत्येक प्राध्यापकाने माहीत करून घ्यावी अशी आहे.) २०१६ च्या नियमांनुसार सार्वजनिक ठिकाणी शस्त्र पूर्णतः झाकलेले आणि बाळगणाऱ्याच्या ताब्यात असले पाहिजे, ते उघड परजण्यास मनाई आहे.

आता ही अट या परिसराच्या नकाशावर ठेवून पाहावी. १९२५ मध्ये माहीम पार्क म्हणून खुले झालेले आणि १९२७ मध्ये नाव बदललेले हे मैदान सभांसाठीच प्रसिद्ध आहे. संयुक्त महाराष्ट्राच्या सभा येथे झाल्या, दसऱ्याचे मेळावे येथे होतात. ६ डिसेंबरला चैत्यभूमीवर येणारा जनसागर याच रस्त्यांवरून जातो. अनंत चतुर्दशीला दादर चौपाटीकडे मिरवणुका जातात. बालमोहनसारख्या शाळा हाकेच्या अंतरावर आहेत. म्हणजे वर्षातील कित्येक दिवशी काका खिशात रिव्हॉल्व्हर ठेवून घराचा जिना उतरले, तर अट मोडण्यासाठी त्यांना फार दूर जावे लागणार नाही. ज्या शस्त्राला घराबाहेर न्यायची परवानगी आहे ते प्रत्यक्षात कपाटात ठेवण्याखेरीज गत्यंतर नाही. मैदानाच्या पश्चिमेकडील १९६६ च्या पुतळ्यात शिवछत्रपतींची तलवार उपसलेली नाही. हात पुढे केलेला आहे. काकांचे रिव्हॉल्व्हरही, त्यांच्याच सांगण्यानुसार, १९९९ नंतर नूतनीकरणाच्या दिवसाखेरीज कपाटाबाहेर निघालेले नाही.

याच परिसरात नेमबाजीची दुसरी, निरोगी परंपरा आहे, हे नमूद करणे आवश्यक आहे. सावरकर स्मारकात नेमबाजीचे प्रशिक्षण दिले जाते. प्रभादेवीच्या कीर्ती महाविद्यालयात एन.सी.सी.तून सुरुवात करून अंजली भागवत ऑलिंपिकपर्यंत पोहोचल्या. खेळाडूच्या बाबतीत कारण आपोआप नूतन होते, कारण स्पर्धांच्या नोंदी असतात. आत्मसंरक्षणाला अशी कोणतीही नोंदवही नसते.

कपाटातल्या शस्त्राचे काय बिघडते?

काका सज्जन आहेत, रिव्हॉल्व्हर कुलपात आहे, मग कारण असो वा नसो, बिघडले काय, हा आक्षेप कोणीही घेईल. त्याचे उत्तर सज्जनतेत नाही. २२ एप्रिल २००६ रोजी वरळीतील निवासस्थानी प्रमोद महाजन यांच्यावर त्यांच्या धाकट्या भावाने गोळ्या झाडल्या, त्या परवाना असलेल्या पिस्तुलातून. ३ मे रोजी महाजन यांचे निधन झाले आणि अंत्यसंस्कार येथल्याच शिवाजी पार्क स्मशानभूमीत झाले. फेब्रुवारी २०२४ मध्ये एकाच आठवड्यात दोन घटना घडल्या. उल्हासनगरच्या एका पोलीस ठाण्यात झालेल्या गोळीबाराचा आरोप तत्कालीन आमदारावर आला. शस्त्र परवान्याचे होते. दहिसरला अभिषेक घोसाळकर यांची हत्या करणाऱ्याने वापरलेले पिस्तूल त्याच्या अंगरक्षकाचे होते आणि त्या अंगरक्षकाला परवाना मिळाला होता तो उत्तर प्रदेशातून. या तिन्ही ठिकाणी कागदावरचे कारण संरक्षण हेच असणार. शस्त्र ज्या कारणासाठी घेतले जाते ते कारण संपल्यावरही शस्त्र शिल्लक राहते, आणि उरलेल्या शस्त्राला नवे कारण सापडायला एक भांडण पुरते.

या संदर्भात मुंबई उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठापुढील २००९ चे गोविंद तिळवे प्रकरण महत्त्वाचे आहे. निवडणुकीच्या काळात सरसकट सर्व परवानाधारकांची शस्त्रे जमा करून घेण्याच्या प्रथेला त्यात आव्हान दिले गेले होते. त्या निकालानंतर निवडणूक आयोगाच्या सूचनांत छाननी समितीची तरतूद आली. कोणाचे शस्त्र जमा करायचे हे त्या त्या व्यक्तीचा विचार करून ठरवायचे, असे तत्त्व मान्य झाले. हे तत्त्व न्याय्यच आहे. परंतु विरोधाभास असा की, काही आठवड्यांसाठी शस्त्र काढून घ्यायचे तर प्रत्येकाचा स्वतंत्र विचार हवा, आणि पाच वर्षांसाठी ते हाती ठेवायचे तर 'कारण पूर्वीप्रमाणे' हे दोन शब्द पुरतात. जी छाननी समिती निवडणुकीच्या वेळी बसते तिच्याच धर्तीवर, निदान वीस वर्षांहून जुन्या संरक्षण-परवान्यांसाठी, कारणाचा पुनर्विचार का होऊ नये?

अर्थात परवानाधारकाची बाजूही आहे. मुदत संपली की कलम २१ प्रमाणे शस्त्र विनाविलंब पोलीस ठाण्यात किंवा अधिकृत विक्रेत्याकडे जमा करावे लागते. म्हातारपणी ही धावपळ सोपी नसते. कारण विचारण्याचा अधिकार वाढवला की तो वापरून अडवणूक करण्याची वाटही रुंदावते, ही शंका निराधार म्हणता येणार नाही. म्हणूनच कारण विचारणाऱ्याने मंजुरीचेही कारण लिहावे, असे मला सुचवायचे आहे. नकार आणि होकार या दोहोंना एकच नियम असेल तर कमी लिहिण्याच्या सोयीने निर्णय होणार नाही.

चौदावे पत्र

काकांसाठी मी जो मसुदा तयार केला त्यात चार वाक्ये होती. १९८४ मध्ये परवाना कोणत्या कारणाने मिळाला, हे पहिल्या वाक्यात. गिरणी बंद झाली असून रोख रक्कम नेण्याचे काम आता नाही, हे दुसऱ्यात. वय ब्याऐंशी असून वैद्यकीय प्रमाणपत्र सोबत जोडले आहे, हे तिसऱ्यात. चौथ्यात नूतनीकरणाची विनंती होती आणि निर्णय कोणताही असो, त्याचे कारण कळवावे अशी पुस्ती होती.

काकांनी तो कट्ट्यावर बसून दोनदा वाचला. चष्मा काढून पुसला. "मराठी छान आहे," ते म्हणाले, "पण सर, हे दुसरे वाक्य लिहिले तर मग मागायचे कशाला?"

मी विचारले, "मग काका, आता कशासाठी हवे आहे?"

त्यांनी बराच वेळ उत्तर दिले नाही. समोर मुलांचा क्रिकेटचा सराव चालला होता. मग ते म्हणाले की संपाच्या काळात घरी पोहोचायला उशीर झाला की पत्नी खिडकीत उभी राहायची. रिव्हॉल्व्हर आल्यावर ती झोपू लागली. ती जाऊन आता सहा वर्षे झाली आहेत. हे अर्जात कसे लिहायचे, असे त्यांनी मला विचारले. मला ते लिहिता आले नाही.

साठ दिवसांच्या मुदतीत पत्र गेले. त्यात तीन वाक्ये आहेत. दुसरे वाक्य काकांनी वगळले. चौथ्यातील पुस्ती मात्र त्यांनी राहू दिली. हा लेख लिहीपर्यंत उत्तर आलेले नाही.